घरचा आवाज

“मेडिकलवर गेल्तो म्हणलास तू! डॉक्टरसमोर म्हणलास, दहाव्याला चारचौघांत म्हणलास, माझ्या गळ्यात पडून म्हणलास!” शरयूने मोबाईल भावाच्या नाकासमोर धरला. “मंग हे काय हाय? वाच. मोठ्यानं वाच.”

निखिलने वाचलं नाही. वाचायची गरजच नव्हती. मोबाईलवर त्याचाच व्हिडिओ थांबवून ठेवलेला होता. पडक्या इमारती, धूर, बंदूक धरलेले दोन हात. आणि उजव्या कोपऱ्यात, अगदी खाली, बारीक पांढऱ्या आकड्यांत त्याच्या कॉम्प्युटरचं घड्याळ, जे झाकायचं तो विसरला होता. एकोणीस मे. बारा वाजून एकतीस मिनिटं.

“ताई, हळू बोल. शेजारी...”

“शेजाऱ्याचं भ्या मला दाखवू नको! पोरीनं दाखवलं मला हे. भार्गवी म्हणती, मम्मी, मामाचा हा व्हिडिओ लई चालला, बेचाळीस हजार लोकांनी बघितला. एक वरीस झालं आई जाऊन, आणि मी बेचाळीस हजार एकावी का रे?”

निखिल खाली बघत राहिला. अठ्ठावीस वर्षांचा, दाढी राखलेला गडी, पण ताईसमोर उभा राहिला की शाळेत पाटी फुटलेल्या पोरासारखा दिसायचा. शरयू होतीही मास्तरीणच. वाटूरला जिल्हा परिषदेच्या शाळेत शिकवायची. उद्या आईचं वर्षश्राद्ध, म्हणून सकाळच्या एसटीने अंबडला आली होती. पिशवीतले तीळ आणि तांदूळ अजून पिशवीतच होते.

घर कोर्टाच्या मागच्या गल्लीत. वडील कोर्टात बेलिफ होते, ते कधीच गेले. मागे राहिली आई, दैवशाला, आणि निखिल. आई मधल्या खोलीत खाटेवर, निखिल आतल्या खोलीत कॉम्प्युटरसमोर. मागच्या दिवाळीआधीच्या दिवाळीत ती न्हाणीत पडली, खुबा मोडला, आणि तेव्हापासून ती खाट हेच तिचं गाव झालं.

निखिलचं काम असं, की ऑनलाइन खेळ खेळायचे, खेळताना पडद्यावर दिसेल ते रेकॉर्ड करायचं, त्यावर आपलं बोलणं चढवायचं आणि लोकांना दाखवायचं. हसू नका. त्यावर घर चालत होतं, आईच्या गोळ्या येत होत्या. पोरगा वाईट नव्हता. आईला उठवून बसवायचा, तिची वेणी घालायचा, पायाला लसणाचं तेल चोळायचा. वाईट नव्हता म्हणूनच पुढचं सांगायचं. वाईट माणसाला लाज कुठली?

“बारा एकतीसला तू घरात होतास,” शरयू म्हणाली. आता तिचा आवाज खाली आला होता आणि ते जास्त भीतीचं होतं. “आई दोनच्या आसपास गेली. तुला दोन गोष्टी इचारते, खरं सांग. आईनं हाक मारल्ती का?”

“मारल्ती.”

“आणि तू?”

“हेडफोन होता कानाला.”

तेवढं खरं त्याच्या तोंडून निघालं, आणि तेही अर्धंच होतं.

शरयू खाटेवर बसली. खाटेवर आता गादी नव्हती, नुसती नवारपट्टी. तिने पट्टीवरून हात फिरवला आणि मग सगळीकडे नजर. फरशी लख्ख, ओट्यावर ताट-वाट्या पालथ्या, दाराच्या कडीला लाल पंचा घडी करून लटकवलेला.

“घर मातर झकास ठेवलंस. बाई लावलीस कामाला? आई होती तव्हा लाव म्हणून म्हणून थकले मी. तव्हा म्हणायचास, खर्चा परवडत न्हाई. आता परवडतो?”

“बाई न्हाई लावली.”

“मंग भांडी तू घासतोस? तू? चहाचा कप तीन-तीन दिवस मुंग्यांना घालणारा?”

निखिलची नजर मोरीकडे गेली. भांडी तो घासत नव्हता. रात्री जेवलेलं ताट तो मोरीत ढकलायचा आणि सकाळी ते ओट्यावर पालथं असायचं. पहिल्यांदा वाटलं, झोपेच्या गुंगीत आपणच घासलं असेल. दुसऱ्यांदाही तसंच वाटून घेतलं. मग त्याने वाटून घेणंही सोडलं. ज्या गोष्टीचा विचार करायचा नाही असं माणूस ठरवतो, तिच्याभोवती तो घरातल्या घरात वळसा घालून चालायला शिकतो. निखिलला ते चांगलं जमलं होतं.

“ह्याच्यात तिचा आवाज का न्हाई?” शरयूने विचारलं.

“कशात?”

“ह्या व्हिडिओत. हाक मारली म्हणतोस. तुझा तो माईक पाल चुकचुकली तरी धरतो, म्हणून तर भर उन्हाळ्यात कूलर बंद करायला लावायचास. आईच्या जिवाची काहिली व्हायची. मंग आईची हाक कुठं गेली?”

“काढली.”

“काय काढली?”

“आवाज... काढून टाकला, ताई. सगळेच काढतात.”

मग त्याला सांगावं लागलं. नको असलेले आवाज काढून टाकणारं एक सॉफ्टवेअर असतं. त्याला आधी नमुना ऐकवायचा, की बाबा, हा आवाज आपल्याला नको. पंख्याची घरघर, कूलरचं पाणी, रस्त्यावरचा हॉर्न. मग ते सगळ्या रेकॉर्डिंगमधून तेवढा आवाज वेचून काढतं, तांदळातला खडा काढावा तसा. बाकीचे लोक पंख्याचा नमुना देतात. निखिलने आईचा दिला होता. चार सेकंदांचा. एक खोकला आणि दोन हाका. तो नमुना कॉम्प्युटरमध्ये साठवताना नाव द्यावं लागतं, तेव्हा ‘आई’ असं लिहायला त्याचा हात धजला नाही. त्याने लिहिलं होतं, ‘घरचा आवाज’.

शरयूने मोबाईल खाटेवर पालथा ठेवला. बाहेर ऊन रटरटत होतं. गल्लीत चिटपाखरू नव्हतं.

“ऐकव,” ती म्हणाली.

आतल्या खोलीत दोघं गेले. खोलीच्या चारी भिंतींना गोधड्या ठोकलेल्या, आवाज घुमू नये म्हणून. सगळ्या आईच्या हातच्या. जुन्या लुगड्यांच्या, बारीक टाक्यांच्या. ठोकत होता तेव्हा ती खाटेवरून म्हणाली होती, “भित्तीला गोधडी? भित्तीला थंडी वाजती का रं बापू?” आणि स्वतःच्याच विनोदावर खोकला येईस्तोवर हसली होती. आता त्या गोधड्यांना बंद पेटीचा वास येत होता.

निखिलने बटण दाबलं. खोकला. मग, “निखिल... ए निखिल...” संपलं.

शरयूने तोंडावर पदर धरला. “अजून एकदा.”

चार सेकंद. पुन्हा चार सेकंद. सात वेळा ऐकलं तिने.

“दोन वर्षं तू रोज घरात रेकॉर्डिंग केलंस. रोज ती बोलली असंल, खोकली असंल, गाणं म्हणली असंल. आणि माझ्यासाठी राह्यले चार सेकंद?”

“मूळ फायली मोठ्या असतात ताई. जागा...”

“जागा! तेरवीच्या जेवणाला गल्ली बसवलीस, आणि तिच्या आवाजाला जागा न्हाई? त्या दिवसाची तरी फाईल दे. एकोणीस तारखेची.”

“पुसली.”

“कधी?”

“दहाव्या दिवशी. संध्याकाळी.”

दहाव्या दिवशी पिंडाला कावळा शिवला नव्हता. अडीच तास सगळे उन्हात उभे. नातेवाईक एकेक कबूल करत होते, शरयूचं घर बांधू, निखिलचं लग्न करू. कावळा कडुनिंबावर बसून बघत राहिला. शेवटी दर्भाचा कावळा करून उरकलं. निखिल घरी आला, ती फाईल उघडली, आणि पुसण्याआधी एकदा डोळ्यांनी पाहिली. आवाज पडद्यावर रेघेसारखा दिसतो. कोणी बोललं की रेघेवर टेकडी उठते. आईच्या अकरा टेकड्या होत्या. अकरा हाका. त्याने बोट ठेवून मोजल्या.

अकराव्या टेकडीनंतर एक मोठी टेकडी होती. ती त्याची स्वतःची. आणि तिच्यानंतर, खेळ संपेपर्यंत, दोन वाजेपर्यंत, आईची एकही टेकडी नाही.

ती मोठी टेकडी कसली, ते शरयूला ठाऊक नव्हतं. कोणालाच नव्हतं. त्या दिवशी ऑनलाइन खेळणाऱ्या पुण्याच्या एका संघात निखिलची चाचणी होती. चौघे एकत्र खेळत होते, एकमेकांचं बोलणं एकमेकांना ऐकू येत होतं. संघाचा कप्तान अर्पित. निखिलने त्याला आपण पुण्यात राहतो, स्वतंत्र स्टुडिओ आहे, असं सांगून ठेवलं होतं. हाका सगळ्यांना ऐकू जात होत्या. निखिललाही. हेडफोनमधून जास्तच स्पष्ट. “आरं बापू... निखिल... आरं जरा येतो का...” दहा झाल्या, अकरा झाल्या, तेव्हा अर्पित हसून म्हणाला, “कौन है भाई पीछे?”

आणि निखिल म्हणाला, “कुछ नहीं यार, कामवाली बाई है. इसका रोज का है.”

मोठ्याने म्हणाला. खेळाच्या गोंगाटात माणूस मोठ्यानेच बोलतो. दार लोटलेलं होतं, पण दाराला कान नसतात असं कोणी सांगितलं? आणि निजामाच्या मुलखात जन्मलेल्या बाईला हिंदी कळत नाही, असं कोण म्हणेल?

बारावी हाक आली नाही.

सव्वादोनला तो बाहेर आला तेव्हा ती भिंतीकडे तोंड करून निजली होती. स्टीलचा पेला खाटेखाली गडगडत गेलेला. तिला पाणी हवं होतं का अजून काही, हे त्याला कधीच कळलं नाही. कळलं एवढंच, की जाताना आपण कोण म्हणून गेलो, हे तिला ठाऊक होतं.

“निखिल,” शरयू पडद्याकडे बघत म्हणाली, “काढलेला आवाज जातो कुठं?”

“म्हंजे?”

“तांदळातला खडा काढला तर तो कुठंतरी पडलेला असतोच की. हाही कुठं असंल ना?”

मास्तरणीचा प्रश्न. निखिलच्या पाठीवरून घामाची धार खाली गेली.

“त्या सॉफ्टवेअरमध्ये सोय असती. काय काढलं तेवढंच ऐकायची. पण फाईलच पुसली म्हणल्यावर...”

“एवढा घाम काहून फुटला तुला?”

तो बोलून गेला. वर्षभर कोणाशी बोलला नव्हता, म्हणून बोलून गेला. आई गेल्यावर पंधरा दिवसांनी त्याने पुन्हा काम सुरू केलं. तो नमुना तसाच लावलेला राहिला होता, काढायचं लक्षात आलं नाही. व्हिडिओ टाकला तर खाली लोकांनी लिहिलं, दादा, मधेच तुझा आवाज जातो. त्याने ऐकलं. खरंच, त्याच्या बोलण्याला भोकं पडली होती. वाक्य चालू असताना एकदम काही नाही, एक हाक मारायला लागते तेवढा वेळ, आणि मग वाक्य पुढे सुरू. माईक बदलला. वायर बदलली. भोकं पडतच राहिली, आणि पडायची ती दुपारी साडेबारानंतरच.

“खोलीत काहीच ऐकू यायचं न्हाई ताई. मी एकटा. पण ते यंत्र... कायतरी काढायचं.”

“आणि तू ते ऐकलं न्हाईस? काय काढलं ते?”

“न्हाई.”

“एकदा पण न्हाई?”

“माझी हिंमत न्हाई झाली. सहा महिने झाले, मी दुपारी माईकच लावत न्हाई.”

शरयूने भिंतीवरच्या घड्याळाकडे पाहिलं. बारा वाजून पंचवीस मिनिटं झाली होती.

“लाव,” ती म्हणाली.

“ताई, नको.”

“आत्ता लाव. माझ्यासमोर. तुला भ्या वाटत असंल तर माझा हात धर, पण लाव. न्हाई तर उद्या पिंडाला हात लावू देणार न्हाई तुला. मी मुलगी हाय तिची, मी करीन. गुरुजींना काय सांगायचं ते मी बघते.”

तेव्हाच सांगून टाकायला हवं होतं त्याने. एक वाक्य होतं, ओठांपर्यंत आलंही होतं. पण जे वाक्य बोलायला त्याला एक क्षणही लागला नव्हता, ते कबूल करायला वर्ष पुरलं नव्हतं. त्याने मान खाली घातली आणि कूलर बंद केला.

कूलरचं शेवटचं पाणी टपटपून थांबलं. निखिलने मधलं दार लोटलं. सवयीने, आई गेल्यावरही न सुटलेल्या सवयीने, लाल पंचा उलगडून बाहेरच्या कडीला अडकवला. ती खूण होती. पंचा दिसला की हाक मारायची नाही, असं त्याने आईला शिकवलं होतं. आई बहुतेक वेळा पाळायचीही. खोकला आला तर उशीत तोंड खुपसायची.

खोली तापायला लागली. गोधड्यांमुळे आपलाच श्वास कानाशी येत होता. शरयू त्याच्या मागे स्टुलावर बसली.

“बोल की. रोज बोलतोस तसा.”

“हॅलो दोस्तों,” निखिल म्हणाला, आणि आपल्या त्या उसन्या, चकचकीत आवाजाची त्याला ताईसमोर इतकी लाज वाटली की पुढचं बोलता येईना. “हॅलो दोस्तों... कैसे हो आप लोग... आज हम एक नया मॅप...”

पडद्यावर पाऊस पडत होता. एक रिकामं गाव, उघडी दारं. खेळातला त्याचा गडी हातात बंदूक घेऊन एका घरातून दुसऱ्या घरात जात होता. निखिल बडबडत राहिला. साडेबारा झाले. पस्तीस. चाळीस.

काही ऐकू आलं नाही. अगदी काहीही नाही. फक्त कुठूनतरी वास आला. लिंबाच्या वडीचा, भांडी घासायच्या. ओला, ताजा, जसा नुकत्याच धुतलेल्या हातांना येतो. निखिलने मागे वळून ताईच्या हातांकडे पाहिलं. ते कोरडे होते आणि मांडीवर घट्ट धरलेले होते.

“आला का तुला...” तो पुटपुटला.

“बोलत राहा,” शरयू कुजबुजली.

पंचेचाळीसला त्याने रेकॉर्डिंग थांबवलं. नमुना लावला, ‘घरचा आवाज’. हिरवी पट्टी हळूहळू भरत गेली. मग त्याने ते लावून पाहिलं.

“हॅलो दोस्तों,” त्याचाच आवाज म्हणाला. “इस घर के पीछे एक...” आणि गप्प. घुसमटलेली, गोल शांतता. “...देखते हैं अंदर कौन है.” पुढे पुन्हा तसंच. आणि एकदा, शेवटी, एक लांब भोक. एका हाकेपेक्षा खूप लांब. कोणी काहीतरी पूर्ण वाक्य बोलावं, आणि मग उत्तराची वाट बघत उभं राहावं, एवढं.

“आता काढलेलं ऐकव,” शरयू म्हणाली.

“ताई, आधी माझं ऐक. त्या दिवशी मी एक...”

“गप्. वर्षभर तूच बोललास. आता तिला बोलू दे.”

तिने हेडफोन त्याच्या गळ्यातून काढून आपल्या कानांना लावला. निखिलकडून बटण दोनदा चुकलं. तिसऱ्यांदा लागलं.

त्याला काही ऐकू येत नव्हतं. तो फक्त ताईचा चेहरा बघत होता. आधी काहीच झालं नाही. मग तिचे डोळे मोठे झाले, आणि भरले, आणि अख्ख्या वर्षात पाहिलं नव्हतं असं हसू तिच्या तोंडावर उमटलं. ओठ हलले, “आई...” निखिलच्या छातीतला दगड हलला. हाक मारत असेल. बापू म्हणत असेल. झालं गेलं तिने पोटात घातलं असेल, आई ती, दुसरं काय करणार! उद्या पिंडावर पाणी सोडताना तो सगळं सांगेल, मोठ्याने सांगेल, सगळ्यांसमोर...

शरयूचं हसू थांबलं. वर्गात एखाद्या हुशार पोरीने भलतंच उत्तर दिलं की व्हायची तशी तिच्या कपाळावर आठी पडली. तिने हाताने खूण केली, पुन्हा लाव. त्याने लावलं. तिने डोळे मिटून ऐकलं. शेवटच्या त्या लांब भोकापाशी ती श्वास घ्यायची थांबली.

मग तिने हेडफोन एका कानावरून सरकवला, आधी लोटलेल्या दाराकडे पाहिलं, आणि मग भावाकडे. तिच्या आवाजात राग नव्हता. तिला नुसतं समजत नव्हतं, एवढंच.

“निखिल... आईच हाय रे, शंभर टक्के आईच हाय... पण ती तुला ‘साहेब, भांडी झाली, आता जाऊ का’ असं काहून इचारून राह्यली?”